खापर कोणाच्या माथी?

लहान मुलांना घेऊन जुने अवशेष बघायला जाणं हा एक स्वतंत्र क्रीडाप्रकार आहे. पहिली दहा मिनिटं "हे किती जुनं आहे?", पुढची दहा मिनिटं "अजून किती बघायचंय?" आणि त्यानंतर "भूक लागली". मोठ्यांचंही खरं म्हणजे तेच होत असतं, फक्त तिकिटाचे पैसे आपण भरलेले असतात म्हणून आपण गप्प बसतो. ग्रीसमध्ये ही वेळ जरा लवकरच येते. तिथे दगड अमाप, आणि त्यातले बरेचसे आडवे.

आम्ही जर्मनीत राहतो. इथून अथेन्स विमानाने अडीच तासांवर. त्यामुळे गेल्या काही वर्षांत आम्ही तीन मराठी कुटुंबं मिळून तिकडे तीनदा जाऊन आलो. मोठे सहा, पोरं पाच, एकूण अकरा. म्हणजे क्रिकेटची टीम पूर्ण, बारावा गडी तेवढा नाही. पोरांची वयं सात ते तेरा. या तीन सहलींत एक पद्धत आपोआप ठरत गेली, ती आज सांगतो. पद्धत सोपी आहे : मुलांना माहिती सांगायची नाही, नियम सांगायचे, आणि खेळ सुरू करायचा.

कारण असं बघा, प्राचीन अथेन्स म्हणजे काही नुसते खांब नव्हेत. ती नियमांवर चालणारी यंत्रणा होती. कोण बोलणार, किती वेळ बोलणार, कोणाला पद मिळणार, कोणाला हाकलायचं, याचे बारीकसारीक नियम. आम्हा सॉफ्टवेअरवाल्यांना एक गोष्ट पक्की ठाऊक असते, ती म्हणजे कोड नुसता वाचून कळत नाही, चालवून बघावा लागतो. चालवला की मग कळतं की अरेच्चा, याचा हा परिणाम होतो होय! नियमांचंही तसंच.

आणि ही काही माझी अक्कल नव्हे. ग्रीक भाषेत मूल म्हणजे 'पाइस', शिक्षण म्हणजे 'पाइदेइया' आणि खेळ म्हणजे 'पाइदिया'. शिक्षण आणि खेळ, दोन्ही एकाच मुळापासून. प्लेटोने आपल्या 'नियम' या ग्रंथात म्हटलं आहे की ज्याला पुढे घरं बांधायची आहेत त्याने लहानपणी खेळातली घरं बांधावीत. इजिप्तमधली मुलं फळं वाटून घेता घेता हिशेब शिकतात, हेही त्याने कौतुकाने सांगितलंय.

तिथल्या मुलांचे खेळही आपल्याला अगदी घरचे वाटतात. दुसऱ्या शतकातल्या पोलक्स नावाच्या एका पंडिताने शब्दांचा मोठा कोश लिहिला, त्यात खेळांची एक लांबलचक यादी आहे. त्यात 'पितळेची माशी' आहे, म्हणजे चक्क आपली आंधळी कोशिंबीर. पाच खडे वर उडवून हाताच्या पालथ्या बाजूवर झेलायचा खेळ आहे, म्हणजे आपले सागरगोटे! मेंढी-बकरीच्या घोट्याची हाडं तर पोरं खेळायला वापरायचीच, शिवाय तीच फाशांसारखी टाकून मोठी माणसं जुगारही खेळायची.

त्याच यादीत 'ओस्त्राकिंदा' आहे. एक खापराचा तुकडा घ्यायचा, त्याची एक बाजू काळी करायची. काळी म्हणजे रात्र, दुसरी म्हणजे दिवस. दोन संघ समोरासमोर, मध्ये रेघ. खापर उडवायचं. रात्र पडली तर रात्रवाल्यांनी पळत्या दिवसवाल्यांना पकडायचं, दिवस पडला तर उलट. पकडला गेला तो 'गाढव', त्याने खाली बसायचं. आम्ही अथेन्सला पोचलो की पहिल्या संध्याकाळी हाच खेळ खेळतो. यात इतिहास काय, असं कोणी म्हणेल. तर मुलांना 'ओस्त्राकॉन' म्हणजे खापर हा शब्द कळतो, आणि तो पुढे भलत्याच कामाला येतो.

आता जरा अथेन्सच्या बाहेर. अंदाजे सव्वाशे किलोमीटरवर नेमेया नावाचं ठिकाण आहे. ऑलिंपिया, डेल्फी, इस्थमिया आणि नेमेया या चार जागी सगळ्या ग्रीकांचे मिळून खेळ भरत. नेमेयाचे खेळ इ.स.पू. ५७३ मध्ये सुरू झाले असं मानतात, आणि आज तिथे दिसतं ते मैदान इ.स.पू. ३३० च्या आसपासचं. अमेरिकन पुरातत्त्वज्ञ स्टीफन मिलर यांनी इथे कित्येक वर्षं उत्खनन केलं. खेळाडू ज्या बोगद्यातून मैदानात यायचे तो त्यांना सापडला. लांबी सुमारे ३६ मीटर, आणि भिंतींवर खेळाडूंनी खरडलेली नावं! (भिंतीवर नाव कोरणारे वीर फक्त आपल्याच किल्ल्यांवर असतात असं नाही.)

बोगद्यातून बाहेर आलं की समोर दगडी आरंभरेषा आहे आणि तिच्यावर पायाच्या बोटांसाठी खाचा. आमच्या सगळ्या मुलांनी बूट काढून त्या खाचांत बोटं रोवली तेव्हा कोणालाही काही समजावून सांगायची गरज पडली नाही. दगडच सांगत होता, इथे उभं राहा. सर्वांनी एकदमच सुटावं म्हणून ग्रीकांनी पीळ दिलेल्या दोरांवर चालणारं एक यंत्र केलं होतं. खेळाडूंच्या समोर ताणलेल्या दोऱ्या एका झटक्यात खाली पडायच्या. मिलर आणि पानोस वालावानिस यांनी त्याची प्रतिकृती करून दाखवली. आणि यंत्र असूनही जो आधी सुटेल त्याला छडीचा मार! नियम म्हणजे नियम.

इथे पंच काळे कपडे घालत, कारण हे खेळ मुळात एका तान्ह्या बाळाच्या सुतकाचे. ओफेल्तेस हे राजाचं बाळ. चालायला लागेपर्यंत याला जमिनीवर ठेवू नका अशी भविष्यवाणी होती. त्याच्या दाईने तहानलेल्या सैनिकांना पाणी दाखवायला जाताना त्याला रानटी सेलेरीच्या गादीवर ठेवलं आणि सापाने त्याला मारलं. म्हणून विजेत्याला मुकुट सेलेरीचा. ही दाई म्हणजे हिप्सिपिले, एकेकाळची लेम्नॉसची राणी, पुढे गुलाम म्हणून विकली गेलेली. "राणी पण गुलाम होऊ शकते?" हा प्रश्न आमच्या चिरंजीवांनी (वय ८) तिथेच विचारला. हो, होऊ शकते. ग्रीक जगात लढाई हरलं की कोणीही होऊ शकत असे. तेवढ्यावर विषय थांबला, पण तो परत येणार होता.

१९९६ पासून नेमेयात हे खेळ पुन्हा भरायला लागले. जगातल्या कोणीही यावं, पांढरा अंगरखा घालावा आणि त्या मैदानावर अनवाणी धावावं. त्यात बायका आणि मुलीही धावतात. प्राचीन ऑलिंपियात विवाहित स्त्रीला खेळ बघायलाही बंदी होती. मुलींसाठी हेरा देवीच्या नावाने वेगळ्या शर्यती होत, त्यांचं अंतर पुरुषांच्या एक षष्ठांश कमी. आमची कन्या (वय ११) हे ऐकून काही बोलली नाही, पण आमच्या घरगुती शर्यतीत तिने पूर्ण अंतर धावून दोघा मुलग्यांना मागे टाकलं. तिचं उत्तर तिने दिलं होतं.

असो. परत अथेन्सला येऊ.

तिथल्या जुन्या बाजारपेठेत, म्हणजे आगोरात, 'अत्तालोसचा स्तोआ' नावाची लांबलचक ओसरी आहे. मूळची इ.स.पू. दुसऱ्या शतकातली, १९५० च्या दशकात पुन्हा बांधलेली, आणि आत संग्रहालय. मुलांना सगळ्यात आधी आवडतं ते लहान बाळाला बसवायचं मातीचं भांडं, इ.स.पू. सहाव्या शतकातलं. त्यावर व्हायची ती हसाहस होऊ द्यावी. मग त्यांना शेजारच्या एका ओबडधोबड दगडाकडे न्यावं. त्यात ओळीने बारीक खाचा आहेत. हे क्लेरोतेरियन. आमच्या भाषेत सांगायचं तर रँडम नंबर जनरेटर!

ते असं चालायचं. न्यायालयात पंच म्हणून बसायला आलेला प्रत्येक माणूस आपल्या नावाची पट्टी देई. पट्ट्या खाचांत बसवल्या जात. दगडाच्या कडेला एक नळी असे, तिच्यात वरून काळ्या-पांढऱ्या गोळ्या टाकत आणि खालून एकेक सोडत. पांढरी आली तर ती आडवी ओळच्या ओळ निवडली, काळी आली तर ओळ घरी. वशिला नाही, लाच नाही, भाषण नाही. यातली गंमत म्हणजे या पद्धतीचं तपशीलवार वर्णन असलेला अॅरिस्टॉटलच्या नावावरचा ग्रंथ इजिप्तमधल्या एका पपायरसवर मिळाला आणि १८९१ मध्ये छापलाही गेला. तरी क्लेरोतेरियन म्हणजे चिठ्ठ्या काढायची खोली असावी असाच अभ्यासकांचा समज होता. १९३० च्या दशकात स्टर्लिंग डाऊ यांनी दाखवून दिलं की हे खाचावाले दगड म्हणजेच ते यंत्र. डॉक्युमेंटेशन हातात, मशीन समोर, आणि दोघांची गाठ पडायला चाळीसेक वर्षं. आमच्या धंद्यात हे रोज होतं म्हणा.

आम्ही याची आवृत्ती अंड्यांच्या पुठ्ठ्याच्या ट्रेची केली. बसच्या जुन्या तिकिटांवर नावं, आणि पिशवीत काळी-पांढरी बटणं. खिडकीशी कोण बसणार, आइस्क्रीमचं दुकान कोण निवडणार, सामान कोण राखणार, सगळं बटणांवर. चार दिवसांत एकही भांडण नाही! मित्राच्या नऊ वर्षांच्या मुलाने त्याचं कारण मार्मिक सांगितलं : "बटणावर रागावून काय करणार?" अथेन्सवाल्यांनी पाचशेजणांचं मंडळ चिठ्ठ्या टाकून का निवडलं, यावर मी इतकं थोडक्यात काही वाचलेलं नाही.

मग आली खापरं.

इथे एक सूचना. पुरातत्त्वीय जागेवरून खडासुद्धा उचलायचा नाही, गुन्हा आहे. आणि तिथे पळापळीचा खेळ मांडायचा नाही. रखवालदार शिट्टी मारतात आणि ते बरोबरच आहे. आम्ही रोपं विकणाऱ्याकडून मातीची एक कुंडी घेतली, फोडली, तुकड्यांच्या कडा घासल्या आणि आगोराच्या वरच्या अंगाला, प्निक्स टेकडीजवळच्या पाइनच्या झाडांखाली बसलो.

नियम असा. वर्षातून एकदा लोकसभेला विचारायचं, यंदा खापरमत घ्यायचं का? हो म्हणाले तर काही आठवड्यांनी सगळ्यांनी आगोरात यायचं. जो माणूस नगराला धोकादायक वाटतो त्याचं नाव खापरावर कोरून टाकायचं. कमीत कमी ६,००० खापरं पडली पाहिजेत. ज्याच्या नावाची जास्त, त्याने दहा दिवसांत नगर सोडायचं, दहा वर्षांसाठी. मालमत्ता त्याचीच राहणार. आरोप नाही, पुरावा नाही, बचावाचं भाषण नाही. पुन्हा कोणी हुकूमशहा होऊ नये म्हणून केलेला हा कायदा पहिल्यांदा वापरला गेला इ.स.पू. ४८७ मध्ये आणि शेवटी ४१६ च्या सुमाराला. मराठीत आपण एखाद्याच्या माथी खापर फोडतो, अथेन्सवाले नाव कोरत. इंग्रजीतला 'ऑस्ट्रसाइझ' हा शब्द याच ओस्त्राकॉनमधून आला.

आमचा नियम : दहा वर्षांऐवजी दहा मिनिटं, नगराऐवजी ती पलीकडची बाकं. अकरा जण, अकरा खापरं. मोजणी झाली. सात खापरांवर एकच नाव, बटणांचं मर्म सांगणाऱ्या त्याच नऊ वर्षांच्या मुलाचं. तीन दिवस तो प्रत्येक खेळ जिंकत होता. शर्यत वगळून सगळं त्याचं. शिवाय त्यातल्या चार खापरांवरचं अक्षर एकाच हाताचं दिसत होतं! चौकशीत कळलं की मोठ्या मुलींनी आदल्या रात्रीच खापरं तयार करून वाटली होती. (आपल्याकडे निवडणुकीच्या आधी चिठ्ठ्या वाटतात त्यातलाच प्रकार.)

मुलगा बाकावर जाऊन बसला. जाताना एवढंच म्हणाला, "पण माझं चुकलं काय?"

मला सांगायचा इतिहास नेमका तिथे होता. अरिस्तेइदेस नावाचा एक पुढारी होता, 'न्यायी' म्हणून प्रसिद्ध. इ.स.पू. ४८२ मध्ये त्याच्यावर खापरमत झालं. प्लुतार्क सांगतो की एका अक्षरशत्रू शेतकऱ्याने त्याला न ओळखता त्याच्याच हातात खापर दिलं आणि अरिस्तेइदेसचं नाव लिहून मागितलं. कारण काय, तर सगळीकडे त्याला 'न्यायी, न्यायी' म्हणतात ते ऐकून कंटाळा आला. अरिस्तेइदेसने मुकाट्याने नाव लिहून दिलं. गोष्ट घडली असेल किंवा रचलेली असेल, पण आमच्या मुलींना ती झोंबली. कारण त्यांचंही कारण तेच होतं.

आणि वाटलेल्या खापरांचं काय? तर तोही इतिहास. अक्रोपोलिसच्या उत्तर उतारावरच्या एका विहिरीत १९३० च्या दशकात १९० खापरं सापडली. सगळ्यांवर नाव एकच, थेमिस्तोक्लेस. हस्ताक्षरं मात्र जेमतेम चौदा. म्हणजे कोणीतरी बसून लिहून ठेवली होती. विरोधकांनी वाटायला, की लिहिता न येणाऱ्यांच्या सोयीसाठी, यावर वाद आहे. हाच थेमिस्तोक्लेस पुढे इ.स.पू. ४७१ च्या सुमाराला खरोखर हद्दपार झाला आणि ज्या पर्शियाला त्याने हरवलं त्याच पर्शियाच्या राजाच्या आश्रयाला गेला.

आम्ही बाकावरच्या मुलाला सहाव्या मिनिटाला परत बोलावलं, पर्शियन आले म्हणून. अरिस्तेइदेसलाही इ.स.पू. ४८० मध्ये असंच परत बोलावलं होतं. तो आला. दुसऱ्या फेरीत त्याने खापर टाकलं ते कोरं.

यानंतर कन्येने एक प्रश्न विचारला आणि खेळाची दिशा बदलली. "आपल्या अकराजणांत खरं मत किती जणांना होतं?"

मोजायला बसलो. बायकांना नाही, म्हणजे तीन गेल्या. मुलांना नाही, पाच गेली. उरलो आम्ही तिघे बाप. पण पेरिक्लीसच्या इ.स.पू. ४५१ च्या कायद्याप्रमाणे आई आणि वडील दोघंही अथेन्सचे असतील तोच नागरिक. आम्ही तिघेही बाहेरचे. उत्तर : शून्य.

"मग आपण कोण?" आपण मेटिक. बाहेरून येऊन राहिलेले, धंदा-कारागिरी करणारे, लढाई आली तर लढणारे. पुरुषाला वर्षाला १२ द्राख्मा निवासकर, एकट्या कमावत्या बाईला ६. नातवंडं झाली तरी मेटिक ते मेटिकच. चौथ्या शतकात एखाद्याला नागरिक करून घ्यायचं तर त्यालाही ६,००० जणांचं गुप्त मतदान लागायचं.

"म्हणजे जर्मनीत आपण आहोत तसंच ना? बाबा, आपण कर भरतो ना?" भरतो. "मत?" नाही. भारतीय पासपोर्टवर इथे राहणाऱ्याला जर्मनीत गावच्या निवडणुकीतही मत नाही. भारतात मत आहे, पण ते द्यायला स्वतः तिथल्या मतदान केंद्रावर जावं लागतं. जर्मन नागरिकत्व घेता येतं, पण मग भारताचं सोडावं लागतं. म्हणजे आमच्यापुढे निदान दार आहे, मेटिकपुढे ते जवळजवळ नव्हतंच. हा फरक मी तिला सांगितला, तिने ऐकून घेतला. पण पायथ्याशी आगोरा आणि समोर अक्रोपोलिस असताना 'कर भरतो, मत नाही' हे आपल्याच मुलीच्या तोंडून ऐकताना मला अडीच हजार वर्षं एकदम जवळ आल्यासारखी वाटली.

पुढच्या सहलीत आम्ही खेळ बदलला. आता आधी चिठ्ठ्या. अकरांपैकी फक्त दोन 'नागरिक', बाकीच्यांवर 'नागरिकाची बायको', 'मूल', 'मेटिक', 'गुलाम'. वयाचा, बाई-पुरुषाचा संबंध नाही, बटण सांगेल तसं. आणि जागा प्निक्स, जिथे खरी लोकसभा भरायची. खडकात कोरलेला वक्त्याचा चौथरा अजून तिथे आहे, इ.स.पू. चौथ्या शतकातला.

लोक बाजारात गप्पा छाटत बसत, सभेला येत नसत, म्हणून ओल्या लाल रंगात बुडवलेली दोरी दोन्हीकडून धरून त्यांना टेकडीकडे हाकत. कपड्याला लाल डाग लागला की दंड. अॅरिस्टोफेनीसच्या इ.स.पू. ४२५ मधल्या नाटकात या दोरीचा उल्लेख आहे. सभेत सुव्यवस्था राखणारे सिथियन तिरंदाज नगराच्या मालकीचे गुलाम होते, आणि दोरीही तेच धरत असावेत असं मानतात. म्हणजे विचार करा, मालकांना लोकशाहीकडे हाकायचं काम गुलामांकडे!

आमची दोरी लाल खडूने माखलेली. त्या दिवशी ती धरायची चिठ्ठी निघाली चिरंजीवांना आणि माझ्या एका मित्राला. नागरिक दोघंच : एक सात वर्षांची मुलगी आणि माझी बायको. तळाला भोक पाडलेली पाण्याची बाटली म्हणजे आमचं जलघड्याळ. (असलं मातीचं घड्याळ संग्रहालयात आहे, साधारण सहा मिनिटांचं. ते न्यायालयातलं होतं, आम्ही सभेत आणलं.) विषय : जेवायला कुठे जायचं. दोघी पाणी संपेपर्यंत बोलल्या. बाकी नऊ जणांनी उभं राहून ऐकायचं, चकार शब्द काढायचा नाही. वीस मिनिटं. चिरंजीव आठव्या मिनिटाला पाय बदलू लागले, बाराव्याला म्हणाले, "मला पण भूक लागलीय, मला का नाही विचारत?" त्याला आठवण करून दिली की तुला बोलता येत नाही. तो गप्प झाला, पण त्याचा चेहरा बोलत राहिला.

मला विचाराल तर अथेन्सच्या लोकशाहीचा धडा तो हा. आतले किती छान बोलत होते हे कळायला चौथऱ्यावर उभं राहावं, आणि त्या बोलण्याची किंमत कळायला दोरी धरून उभं राहावं.

यावर बायकोचं आणि माझं तिथेच वाजलं. तिचं म्हणणं, गुलामीचा खेळ करू नये. वीस मिनिटं गप्प उभं राहून मुलांना वाटेल की गुलामी म्हणजे कंटाळा. माझं म्हणणं, खेळातून गुलाम वगळले तर मुलं खोटं अथेन्स घेऊन घरी जातील, जिथे सगळेच मत देतात. दोघांचंही खरं होतं. त्याचा निकाल लागला लॉरियनला.

अथेन्सच्या आग्नेयेला साधारण साठ किलोमीटरवर लॉरियनच्या चांदीच्या खाणी. इ.स.पू. ४८३ मध्ये तिथे चांदीचा मोठा साठा लागला. हेरोडोटस सांगतो की ती चांदी नागरिकांना माणशी १० द्राख्मा अशी वाटून टाकायचं चाललं होतं. थेमिस्तोक्लेसने लोकांना पटवलं की वाटू नका, जहाजं बांधा. त्या जहाजांनी तीन वर्षांत सालामिसची लढाई जिंकली. म्हणजे पार्थेनॉन, नाटकं, प्लेटो, आमची ती खापरं, या सगळ्यांच्या खाली ती चांदी आहे. आणि ती खणणारे गुलाम होते. झेनोफोन लिहितो की निकियास या सेनापतीने १,००० गुलाम खाणीसाठी भाड्याने दिले होते, दर माणशी रोज एक ओबोल. इ.स.पू. ४०० च्या सुमाराला नागरिकाला नुसतं सभेला येण्याचा भत्ता मिळू लागला, तो लवकरच तीन ओबोल झाला.

तिथल्या थोरिकोस या गावी जुनं दगडी नाट्यगृह आहे आणि त्याच्या अगदी कुशीत खाणीचं तोंड. जाळी लावलेलं, आत जाता येत नाही. या परिसरातले बोगदे इतके ठेंगणे की मोठ्या माणसाने ओणवं किंवा सरपटत जावं. मुलं सवयीने नाट्यगृहाच्या पायऱ्यांवर चढली आणि विचारू लागली, इथला खेळ कोणता?

बायको म्हणाली, "इथे खेळ नाही."

आणि मला ते तात्काळ पटलं. सगळ्यांनी जाळीपाशी उभं राहून आत बघितलं. तिने मुलांना एवढंच सांगितलं की तुमच्या डोक्यावरच्या या दगडी पायऱ्यांवर बसून लोक नाटक बघत, आणि शेजारी जमिनीखाली दिव्याच्या उजेडात माणसं खणत असत. इ.स.पू. ४१३ मध्ये स्पार्टाच्या फौजेने अथेन्सजवळ ठाण मांडलं, त्यानंतर अथेन्सचे २० हजारांहून जास्त गुलाम पळून गेले, असं थुसिडिडीस लिहितो. चिरंजीवांनी विचारलं, "त्यांना नंतर मत मिळालं?" नाही. त्यांतल्या बऱ्याच जणांना पुढे पुन्हा विकलं गेलं असावं. त्यावर कोणीच काही बोललं नाही. बसपर्यंत चालत आलो.

तेव्हापासून आमचा नियम असा ठरलाय. जिथे नियम होते तिथे खेळायचं, अगदी वाईट नियम असले तरी. कारण वाईट नियम अंगावर आल्याशिवाय वाईट वाटत नाही. जिथे माणसाला कुठलाच नियम लागू नव्हता, नुसता भाव होता, तिथे खेळायचं नाही. नुसतं उभं राहायचं.

तर मंडळी, कधी तिकडे गेलात तर सामान फार लागत नाही. एक मातीची कुंडी, एक दोरी, लाल खडू, अंड्यांचा ट्रे आणि मूठभर काळी-पांढरी बटणं. मुलं निदान पाच तरी हवीत, शेजारच्यांची चालतील :-) आणि शेवटचा दिवस थोरिकोससाठी ठेवा. त्या दिवशी सामान हॉटेलवर राहू द्या.